बोरीबंदर ते कुर्ला : तारेखालची पहिली गाडी

१९२५ साली कुर्ला मुंबईत नव्हते. शहराची हद्द शीव आणि माहीमला संपे. पलीकडे साष्टी बेट लागे आणि तिथे कुर्ल्याची नगरपालिका वेगळी, गिरण्या वेगळ्या, बाजार वेगळा. सरकारदरबारीही कुर्ला मुंबई शहराबाहेरच होते. १ ऑक्टोबर १९२० रोजी ठाणे जिल्ह्यातून तोडून मुंबई उपनगर जिल्हा उभा केला, त्यात ते गेले. त्यामुळे मंगळवार, ३ फेब्रुवारी १९२५ रोजी मुंबई इलाख्याचे गव्हर्नर सर लेस्ली विल्सन यांनी बोरीबंदरहून ज्या विजेच्या गाडीला निशाण दाखवले, तिला आज आपण ‘मुंबईची पहिली लोकल’ म्हणत असलो, तरी त्या दिवशी ती एका शहरातून निघून शेजारच्या गावाला जाणारी गाडी होती. अंतर सुमारे १६ किलोमीटर. हिंदुस्थानात विजेवर धावलेली ही पहिली आगगाडी. आग नसलेली आगगाडी, असे गमतीने म्हणायला हरकत नाही.

मुंबईच्या रस्त्यावर मात्र वीज केव्हाच आली होती. विजेची ट्राम ७ मे १९०७ पासून धावत होती. मग तीच वीज शहराची हद्द ओलांडून कुर्ल्याला पोचायला आणखी जवळजवळ अठरा वर्षे का लागली? यंत्रे नव्हती म्हणून नव्हे. अमेरिकेत फ्रँक स्प्रेग याने १८८८ मध्ये रिचमंड शहरात विजेच्या ट्रामचे जाळे चालवून दाखवले होते. अनेक मोटारडब्यांची गाडी एकाच चालकाने एका टोकाहून हाकण्याची युक्तीही त्यानेच १८९७ मध्ये शिकागोत सिद्ध केली होती. म्हणजे कुर्ल्याची गाडी ज्या तत्त्वावर धावली, ते तत्त्व त्या दिवशी अठ्ठावीस वर्षांचे जुने होते. अडले होते ते तीन ठिकाणी. मंजुरी लंडनच्या हाती होती, पैसा सरकारच्या आणि पाणी मावळात.

आधी ट्रामचे पाहू, कारण तिथे गोष्ट सोपी होती. मुंबईत घोड्यांची ट्राम ९ मे १८७४ रोजी सुरू झाली. कुलाबा ते पायधुणी आणि बोरीबंदर ते पायधुणी असे तिचे मार्ग. स्टर्न्स आणि किटरेज या अमेरिकन मंडळींनी ती आणली. भाडे सुरुवातीला तीन आणे होते आणि तिकीट दिलेच जात नसे. फुकट्यांची संख्या वाढल्यावर तिकिटे आली. मुंबईच्या उन्हात रुळांवरून डबे ओढणाऱ्या घोड्यांचा खर्च आणि हाल दोन्ही मोठे होते. पुढे १९०५ मध्ये नवी कंपनी स्थापन झाली, ‘बॉम्बे इलेक्ट्रिक सप्लाय अँड ट्रामवेज’, म्हणजे आजची ‘बेस्ट’. तिने वाडीबंदरला वीजघर बांधले आणि दीड वर्षात ट्राम विजेवर नेली. कंपनी, नगरपालिका आणि परवाना, एवढ्यांत काम झाले. वीज शहरात तयार होई, शहरात वापरली जाई. १९२० मध्ये दुमजली ट्राम आल्या. रूळ वाढत वाढत दादरपर्यंत गेले. तिथले शेवटचे ठाणे ‘दादर टीटी’, म्हणजे ट्राम टर्मिनस, या नावाने, ट्राम जाऊन साठ वर्षे उलटली तरी, आजही टॅक्सीवाल्याला सांगितले की कळते. पण ट्रामने शीवची खाडी ओलांडली नाही. कंपनीचा करार मुंबई नगरपालिकेशी होता, कुर्ल्याशी नव्हता.

कुर्ल्याचा संबंध विजेशी आला तो वेगळ्या वाटेने, आणि त्या वाटेची सुरुवात नागपुरात आहे. जमशेटजी टाटांनी नागपुरात एम्प्रेस मिल काढली ती १ जानेवारी १८७७ रोजी, राणी व्हिक्टोरिया हिंदुस्थानची सम्राज्ञी म्हणून जाहीर झाली त्याच दिवशी. मुंबईच्या पेढीवाल्यांना हा माणूस जंगलात पैसे पुरतो आहे असे वाटले, पण जमशेटजींचा हिशेब सरळ होता: कापूस विदर्भात आणि कोळसा वरोऱ्याच्या बाजूला, तर गिरणी मुंबईत कशाला? नागपूरची गिरणी भरभराटीला आली. तिच्या जोरावर १८८६ मध्ये त्यांनी कुर्ल्याची मोडकळीला आलेली धरमसी मिल विकत घेतली आणि तिला ‘स्वदेशी’ असे नाव दिले. ही गिरणी त्यांना जवळजवळ बुडवणार होती. तिला वाचवण्यासाठी एम्प्रेस मिलचे शेअर विकावे लागले.

नागपुरात जो हिशेब जमला होता, तो कुर्ल्यात उलटा बसला. कोळसा जवळ नाही, तो बंगालहून किंवा समुद्रापलीकडून यायचा, आणि त्याचा भाव गिरणीचा नफा खाऊन टाकायचा. मुंबईच्या सगळ्या गिरण्यांचे हेच दुखणे होते. सह्याद्रीच्या माथ्यावर पावसाळ्यात कोसळणारे पाणी अडवून वीज करावी ही कल्पना डेव्हिड गोस्टलिंग या मुंबईच्या वास्तुविशारदाने मांडली होती. जमशेटजींनी ती उचलली. १९०४ मध्ये ते वारले तेव्हा ती कागदावरच होती. दोराबजी टाटांनी १९१० मध्ये टाटा हायड्रो कंपनी काढली, भांडवलात देशी संस्थानिकांनी पैसे घातले आणि ८ फेब्रुवारी १९११ रोजी लोणावळ्याला बांधकामाचा पायाचा दगड बसला. वळवण, शिरवटा आणि लोणावळा इथली तळी भरली, घाटाखाली पाचशे मीटरांहून अधिक खोल खोपोलीपर्यंत पोलादी नळ उतरले आणि १९१५ च्या सुरुवातीला एक लाख व्होल्टच्या तारांवरून वीज परळला आली. त्या काळी एवढ्या दाबाने वीज वाहून नेणाऱ्या वाहिन्या जगातही मोजक्याच होत्या. १९२२ मध्ये आंध्रा खोऱ्याचे धरण आणि भिवपुरीचे वीजघर तिला जोडले गेले. वाडीबंदरच्या छोट्या वीजघरावर ट्राम चालत होती. आता आगगाडी ओढता येईल एवढी वीज मुंबईच्या वेशीवर उभी होती.

रेल्वेच्या बाजूने हालचाल त्याआधीच सुरू झाली होती. इलाख्याचे मुख्य अभियंता डब्ल्यू. एच. व्हाइट यांनी १९०४ मध्येच सुचवले होते की ग्रेट इंडियन पेनिन्सुला (जीआयपी) आणि बॉम्बे, बरोडा अँड सेंट्रल इंडिया (बीबीसीआय) या दोन्ही रेल्वेंच्या मुंबईजवळच्या मार्गांवर वीज आणावी. दोन्ही कंपन्यांना ते मान्य होते. पण मान्य असून भागत नव्हते. जीआयपी रेल्वे १९०० मध्येच सरकारने विकत घेतली होती आणि चालवायला पुन्हा कंपनीकडेच दिली होती. मालक एक, कारभारी दुसरा आणि शेवटची सही लंडनला भारतमंत्र्यांची. या त्रिकुटात फाइल फिरत राहिली. ज्यांनी सरकारी कचेऱ्यांतल्या फाइलींचा प्रवास पाहिला आहे, त्यांना यात नवल वाटणार नाही.

१९१३ च्या सुमारास चार्ल्स मर्झ यांना सल्लागार नेमले. हे गृहस्थ न्यूकॅसलचे. टाइन नदीच्या काठची उपनगरी रेल्वे १९०४ मध्ये विजेवर गेली, त्यात त्यांचा मोठा वाटा होता. ऑस्ट्रेलियात मेलबर्नच्या उपनगरी मार्गांचा आराखडाही त्यांचाच. मुंबईत मात्र ठोस काही सुचवायच्या आत त्यांनी हे काम सोडले आणि लगेच महायुद्ध पेटले. सामान सगळे इंग्लंडहून यायचे होते, आणि इंग्लंडचे कारखाने तोफगोळे ओतत होते. युद्ध संपल्यावर मर्झ यांची भागीदारीतली पेढी पुन्हा बोलावली गेली. ऑगस्ट १९२० मध्ये भारतमंत्र्यांची मंजुरी आली. १९०४ ते १९२० अशी सोळा वर्षे मंजुरीत गेली, आणि त्यानंतर साडेचार वर्षांत गाडी धावली. उशिराचा दोष कुणाला द्यायचा, हे या दोन आकड्यांवरून ठरवता येते.

या सोळा वर्षांत मुंबईचे काय झाले होते? १९०१ च्या शिरगणतीत शहराची लोकसंख्या पावणेआठ लाखांच्या आसपास होती, तीही १८९६ पासूनच्या प्लेगने पळवून लावलेली माणसे वजा जाता. १९२१ मध्ये ती पावणेबारा लाखांच्या आसपास गेली. प्लेगने शिकवले होते की गिरणगावातल्या चाळी विरळ झाल्या पाहिजेत. माणसांनी लांब, मोकळ्या हवेत राहावे असे १८९८ मध्ये स्थापन झालेला सुधार ट्रस्ट सांगत होता, १९२० नंतरचे विकास खातेही सांगत होते. पण लांब राहायचे तर रोज जायचे-यायचे कसे? जीआयपीची वाफेची गाडी १८५३ पासून होतीच. तिची अडचण उपनगरी धावपळीत उघडी पडे. वाफेचे इंजिन थांबायला जड आणि निघायला त्याहून जड. दीड-दोन किलोमीटरवर थांबे असले की त्याचा अर्धा वेळ वेग घेण्यात जाई. शेवटच्या स्टेशनात पोचले की इंजिन सोडायचे, बाजूच्या रुळावरून दुसऱ्या टोकाला न्यायचे, पाणी-कोळसा घ्यायचा, पुन्हा जोडायचे. तोवर फलाट अडलेला. विजेच्या गाडीत मोटार डब्यातच असते. मोटरमन आपली चावी घेऊन फलाटावरून चालत दुसऱ्या टोकाच्या केबिनमध्ये जातो आणि गाडी उलट निघते. फलाटांची संख्या न वाढवता गाड्या वाढतात त्या अशा.

हे सगळे आधी करायचे कुठे, हा प्रश्न होता. ठाण्याकडे जाणारा मुख्य मार्ग गजबजलेला, तिथे चालत्या वाहतुकीवर तारा बांधणे जिकिरीचे. पूर्व किनाऱ्यावर मात्र नवी जागा होती. माझगाव ते शिवडीपर्यंत पोर्ट ट्रस्टने समुद्र हटवून जमीन काढली होती, १९१४ मध्ये अलेक्झांड्रा गोदी सुरू झाली होती, गोदामे उभी राहत होती. वऱ्हाडातून आलेल्या कापसाच्या गाठी पूर्वी कुलाब्याला उतरत. तो बाजार पुढे शिवडीजवळ हलला आणि तिथल्या स्टेशनाला ‘कॉटन ग्रीन’ हे नाव लाभले. यवतमाळ-अमरावतीच्या शेतकऱ्याने ते स्टेशन कधी पाहिले नसेल, पण त्याच्या पांढऱ्या सोन्याचा भाव तिथे फुटत असे. कुर्ल्याहून या पट्ट्यात रे रोडपर्यंत जीआयपीचा हार्बर मार्ग १२ डिसेंबर १९१० पासून वाफेवर चालूच होता. राहिला होता तो रे रोड ते बोरीबंदर हा तुकडा, आणि तोच सगळ्यांत अवघड. मशीद, डोंगरी, माझगाव ही शहराची सर्वांत दाट वस्ती. तिथे जमिनीवर रूळ टाकायला जागाच नव्हती. म्हणून मार्ग उचलून घेतला गेला. सँडहर्स्ट रोडला आजही खाली मुख्य मार्गाचे फलाट आणि वर लोखंडी खांबांवर हार्बरचे फलाट असा दुमजली प्रकार दिसतो. घरांच्या खिडक्यांना लागून जाणाऱ्या त्या उंच मार्गावर वाफेची, धूर ओकणारी इंजिने चालवणे म्हणजे रहिवाशांच्या वाळत घातलेल्या कपड्यांवर रोज काजळी उडवणे. तिथे वीज ही चैन नव्हती, गरज होती.

वीज कोणत्या जातीची घ्यावी, हाही निर्णय झाला: १५०० व्होल्ट, डीसी. मेलबर्नमध्ये मर्झ यांनी तीच वापरली होती, आणि ब्रिटनमध्येही तिलाच मान्यता मिळत होती. टाटांची एसी वीज उपकेंद्रात घ्यायची, फिरत्या यंत्रांतून तिची डीसी करायची आणि रुळांवरच्या तारेत सोडायची. डब्याच्या छतावरचा पेंटोग्राफ ती तारेवरून उचलणार. १९२० च्या दशकाच्या दृष्टीने ही शहाणपणाची निवड होती. तिची किंमत पुढे कुणी मोजली, ते शेवटी येईलच.

डबे आले काही इंग्लंडच्या कॅमेल लेयर्ड कारखान्यातून, काही जर्मनीच्या युर्डिंगेनहून. युद्ध संपून सहा-सात वर्षेच झाली होती आणि ज्यांच्यावर कालपर्यंत तोफा डागल्या, त्यांचे डबे ब्रिटिश साम्राज्याच्या पहिल्या भारतीय वीजगाडीला जोडले गेले. व्यापाराची स्मरणशक्ती सोयीस्कर असते. गाडी चार डब्यांची होती. ३ फेब्रुवारीला ती फुलापानांनी सजून निघाली आणि मशीद, सँडहर्स्ट रोड, रे रोड, शिवडी, वडाळा अशी समुद्राच्या कडेने कुर्ल्याला पोचली. पाच महिन्यांनी, १ जुलै १९२५ रोजी, सरकारने जीआयपीचा कारभारही कंपनीकडून काढून स्वतःकडे घेतला. हे सारे मंजूर व्हायला ज्या मालक-कारभाऱ्याच्या घोळात सोळा वर्षे गेली, तो घोळ गाडी सुरू झाल्यावर मिटला.

या आनंदसोहळ्याच्या बातमीशेजारी त्या काळातली आणखी एक बातमी ठेवून पाहिली पाहिजे. मुंबईची भूक खोपोली आणि भिवपुरीच्या विजेने भागणार नव्हती. म्हणून टाटांनी तिसरा प्रकल्प मुळशीला धरला, मुळा आणि नीळा नद्यांच्या संगमावर. पन्नासेक गावे आणि मावळातली भाताची खाचरे पाण्याखाली जाणार होती. १६ एप्रिल १९२१ रोजी, रामनवमीला, मावळ्यांनी बांधकामाच्या जागी जाऊन सत्याग्रह सुरू केला. ‘जान किंवा जमीन’ ही त्यांची घोषणा. पांडुरंग महादेव बापट हे त्यांचे नेते झाले आणि याच लढ्याने त्यांना ‘सेनापती’ ही पदवी दिली. लढा लांबला, फाटाफूट झाली. सावकारांनी भरपाई घेतली, कुळांच्या हाती फारसे उरले नाही. १९२४ च्या अखेरीस बापट आणि साथीदारांनी धरणाच्या कामावरची गाडी रुळांवर अडवली. त्यांना सात वर्षांची शिक्षा झाली. म्हणजे बोरीबंदरला गव्हर्नर गाडीला निशाण दाखवत होते, तेव्हा गाडी अडवणारा माणूस तुरुंगात होता.

इथे एक सावधगिरी हवी. कुर्ल्याची पहिली गाडी मुळशीच्या पाण्यावर धावली असे म्हणणे खरे नाही. मुळशीची वीज भिरा वीजघरातून १९२७ मध्ये आली. पण त्यानंतर ती त्याच जाळ्यात मिसळली आणि त्याच जाळ्यावर मुंबईच्या गिरण्या, दिवे आणि गाड्या चालल्या. धरणे आणि विस्थापन हा शब्दांचा जोड पुढे नर्मदेपर्यंत आपल्या कानांवर येत राहिला. त्याची पहिली मोठी महाराष्ट्रीय लढाई मुळशीत झाली आणि ती मुंबईच्या विजेसाठी झाली, हे लोकलच्या शताब्दीच्या भाषणांत फारसे कुणी बोलले नाही.

कुर्ल्यानंतर काम झपाट्याने पसरले. मुख्य मार्गावर वीज कल्याणपर्यंत गेली, १९२७ पासून आठ डब्यांच्या गाड्या धावू लागल्या. ५ जानेवारी १९२८ रोजी बीबीसीआयने कुलाबा ते बोरीवली मार्ग विजेवर नेला. घाटांत वीज चढली ती १९३० पर्यंत; एका बाजूने पुणे, दुसऱ्या बाजूने इगतपुरी. तिथल्या मालगाड्यांना लांबट नाकाची इंजिने लागली, ज्यांना रेल्वेची माणसे ‘खेकडा’ म्हणत. १ जून १९३० रोजी दख्खनची राणी निघाली. रेल्वेने टाटांवरच विसंबायचे नाही म्हणून ठाकुर्लीला स्वतःचे वीजघरही बांधले. मद्रासला वीजगाडी १९३१ मध्ये आली.

आणि कुर्ला? गाडीने जे केले ते तिथे सर्वांत स्पष्ट दिसते. विजेच्या गाड्या ठेवायला कुर्ल्यात कारशेड उभी राहिली. गिरणीचे गाव हळूहळू जंक्शनचे गाव झाले. घर कुर्ल्याला आणि नोकरी फोर्टात, ही रोजची गोष्ट झाली. शहराची हद्द कागदावर शीवला होती, पण सकाळी आठच्या गाडीला ती कुठेच दिसत नव्हती. अखेर १९५० मध्ये कुर्ल्याची नगरपालिका मुंबईत विलीन झाली. रुळांनी पंचवीस वर्षे आधी केलेले काम कायद्याने मान्य केले, इतकेच. ज्या ट्रामने विजेची वाट दाखवली, तिला मात्र शहराने जपले नाही. ३१ मार्च १९६४ च्या रात्री बोरीबंदर ते दादर अशी शेवटची ट्राम धावली. बस लवचीक होती, मोटारी वाढल्या होत्या आणि रस्त्याच्या मधोमध रूळ सगळ्यांना अडचण वाटू लागले होते.

राहिली ती १५०० व्होल्टची गोष्ट. १९५७ मध्ये भारतीय रेल्वेने पुढचे सगळे विद्युतीकरण २५ हजार व्होल्ट एसीवर करायचे ठरवले. ही वीज स्वस्त पडे, उपकेंद्रे कमी लागत. देशभर हीच पसरली, पण मुंबईभोवतीचे डीसी बेट तसेच राहिले; तिथे इतक्या गाड्या धावत होत्या की बदल करायला वाहतूक थांबवणे शक्य नव्हते. याचा भुर्दंड नागपूरकरांनीही भरला. नागपूरहून एसीवर निघालेली गाडी इगतपुरीला थांबे, तिचे इंजिन काढून डीसीचे लावले जाई आणि मगच ती घाट उतरे. विदर्भ एक्स्प्रेसने पहाटे मुंबई गाठायला निघालेल्या कित्येकांनी इगतपुरीच्या गारठ्यात चहा पीत तो वेळ काढला आहे. १९९० च्या दशकात या मार्गावर दोन्ही विजांवर चालणारी इंजिने आली आणि तो खोळंबा कमी होत गेला. पश्चिम रेल्वेने २०१२ मध्ये डीसी सोडली, मध्य रेल्वेच्या मुख्य मार्गाने २०१५ मध्ये. सर्वांत शेवटी राहिला तो जिथे सुरुवात झाली होती तोच हार्बर मार्ग. तिथली डीसी वीज एप्रिल २०१६ मध्ये बंद झाली, पहिल्या गाडीनंतर एक्याण्णव वर्षांनी.